हप्त्याआडची किंमत

'घर केवढ्याला पडले?' हा प्रश्न आपल्याकडे वास्तुशांतीच्या पंगतीत हटकून निघतो, आणि त्याचे उत्तरही हटकून खोटे असते. सांगणाराच्या मनात कपट असते असे नव्हे. खरा आकडा त्यासच ठाऊक नसतो. काही महिन्यांपूर्वी पाचगावच्या बाजूस एका परिचितांच्या नव्या घरी आम्ही जेवावयास गेलो असता हाच प्रश्न निघाला. गृहस्थांनी मोठ्या समाधानाने चाळीस लाखांचा आकडा सांगितला. पैकी दहा लाख पदरचे, तीस लाख कर्जाऊ. 'मग फेडणार किती?' असे आम्ही विचारले. ते म्हणाले, 'सव्वीस हजारांचा हप्ता आहे. नाहीतरी भाड्याला पैसे जातच होते.' आम्ही प्रश्न पुन्हा विचारला. त्यांनी उत्तर पुन्हा तेच दिले. इतक्यात यजमानीणबाईंनी जिलबीचा आग्रह सुरू केला, आणि तो अमंगल प्रश्न पानावरच राहिला.

जो प्रश्न पंगतीत अप्रशस्त ठरला तो येथे मांडण्यास हरकत नसावी. आमचे म्हणणे थोडक्यात असे आहे: गहाणाच्या घराची किंमत म्हणजे ते सोडवून घेईपर्यंत आपल्या हातून जाणारी सर्व रक्कम, आणि 'हप्ता' हा शब्द ती किंमत दृष्टीआड ठेवण्याचे काम आजच्या काळात जितक्या सफाईने करतो, तितक्या सफाईने पूर्वीच्या कोणत्याही सावकाराच्या वहीने केले नसेल.

प्रथम हिशेब पाहू. तीस लाख रुपये, दर साल दर शेकडा साडेआठ व्याज आणि वीस वर्षांची मुदत धरली, तर मासिक हप्ता सुमारे २६,०३५ रुपये येतो. वीस वर्षांचे हप्ते २४०. त्यांची बेरीज ६२ लाख ४८ हजारांच्या घरात जाते. म्हणजे मुद्दल तीस लाख आणि व्याज साडेबत्तीस लाखांस थोडे कमी. पदरचे दहा लाख मिळवले की चाळीस लाखांचे म्हणून सांगितलेले घर साडेबाहत्तर लाखांच्या आसपास जाते. मुद्रांकशुल्क, नोंदणी आणि विमा यांचा खर्च आम्ही अजून धरलेलाच नाही.

पण ही बेरीजसुद्धा अर्धीच गोष्ट सांगते. पहिल्या महिन्याच्या हप्त्यातील २१,२५० रुपये निव्वळ व्याजाचे असतात. मुद्दलास लागतात ते सुमारे ४,७८५. पाच वर्षे एकही हप्ता न चुकविता १५ लाख ६२ हजार रुपये भरणाऱ्या गृहस्थाने आपल्या कर्जाचा उतारा मागविला, तर त्यास आढळेल की मुद्दल अवघे साडेतीन लाखांनी उतरले असून बाकीचे बारा लाख व्याजात गेले. तीस लाखांचे पंधरा लाख व्हावयास तेरा वर्षे दहा महिने लागतात. दोन-तृतीयांशांहून अधिक वाट चालून झाली, तरी ओझे निम्मे शिल्लकच. यात कोणाची लबाडी नाही. राहिलेल्या मुद्दलावर व्याज आधी, मग मुद्दल, असा या गणिताचा स्वभावच आहे. मात्र स्वभाव ठाऊक नसलेल्या माणसाशी वीस वर्षांचा संसार मांडणे शहाणपणाचे नव्हे.

आता हाच हप्ता जड वाटतो म्हणून मुदत तीस वर्षांची केली तर काय होते? हप्ता सुमारे २३,०६७ रुपयांवर येतो. म्हणजे महिन्यास तीन हजारांची देखील सूट पडत नाही. आणि एकूण फेड मात्र ८३ लाखांवर जाते. तीन हजारांहून कमी सवलतीसाठी साडेवीस लाखांचा वाढीव बोजा! उलट मुदत पंधरा वर्षांची केली, तर हप्ता साडेतीन हजारांनी वाढतो आणि एकूण फेडीतून नऊ लाखांहून अधिक वाचतात. हे तीन आकडे एकाखाली एक मांडून पाहिल्यावर कोणता शहाणा मनुष्य विचारात पडणार नाही? पण ते मांडतो कोण? विचारला जातो तो एकच प्रश्न: 'हप्ता किती बसेल?' आणि तो 'बसविण्या'साठी मुदत ताणली जाते.

याचे आम्हांस अधिक नवल वाटते ते कोल्हापूरकरांच्या बाबतीत. शाहूपुरीच्या पेठेत गुळाचा रवा घेताना आमचा माणूस त्याचा रंग पाहतो, कण पाहतो, वजन पाहतो आणि मग दराची घासाघीस करतो. उसाच्या दरासाठी जयसिंगपूरच्या ऊस परिषदेत हजारोंच्या संख्येने बसणारा हाच शेतकरी टनामागे शंभर रुपयांसाठी गाळप रोखून धरण्याची भाषा बोलतो, आणि ती योग्यच आहे. भिशीत कोणाची पाळी केव्हा आणि तोटा कोणाचा, हे आमच्या गल्लीतील बायकांस तोंडपाठ असते. असा हा हिशेबी जिल्हा तीस लाखांच्या कागदावर सही करताना मात्र एकदम उदार होतो! थेंबे थेंबे तळे साचते हे आम्हांस कळते. थेंबे थेंबे ते गळतेही, हे कळावयास तेरा वर्षे लागतात.

कर्जाच्या कागदाचे भय या प्रांतास नवे नाही. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे येथे दंग्यास आरंभ झाला आणि पुणे व नगर जिल्ह्यांतील गावोगावच्या कुणब्यांनी सावकारांच्या घरांतून खते आणि रोखे ओढून काढून जाळले. पुढे १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा झाला. त्याने न्यायाधीशास असा अधिकार दिला की, रोख्यावर लिहिलेल्या आकड्यावर विसंबून न राहता मूळ व्यवहार काय झाला, मुद्दल किती आणि व्याज किती, याचा आरंभापासून शोध घ्यावा. रोख्यावरची रक्कम आणि हातात पडलेली रक्कम या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे सरकारास कळावयास एक बंड व्हावे लागले.

त्याहूनही जुना आपला दामदुपटीचा नियम. थकलेले व्याज एका वेळी मुद्दलाहून अधिक मागू नये, असे हिंदू धर्मशास्त्राने सांगितले आणि मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी हिंदू ऋणकोंच्या बाबतीत ते मानले. हा नियम आजच्या गृहकर्जास लागू पडणार नाही, हे आम्ही जाणतो. महिन्याच्या महिन्याला व्याज वसूल होत गेल्यावर ते थकणार कोठून? पण त्या नियमात एक लोकशिक्षण होते. 'दुप्पट' हा आकडा अडाणी माणसाच्याही ध्यानात राहत असे; तेथे पोचलो की सीमा आली, हे त्यास कळे. आज आपण दुपटीची सीमा ओलांडून जातो आणि वाटेत पाटीही लागत नाही. इतकेच नव्हे, तर बँकेने लावलेला व्याजाचा दर जबर आहे एवढ्याच कारणावरून तो व्यवहार न्यायालयाने उकलू नये, अशी तरतूद १९८४ पासून बँकांच्या कायद्यात आहे. आणि २००२ च्या कायद्याप्रमाणे, हप्ता नव्वद दिवस थकून खाते अनुत्पादक ठरले की साठ दिवसांची नोटीस देऊन, दिवाणी दाव्याची पायरी न चढता, बँकेस गहाणाचा ताबा घेण्याचा मार्ग मोकळा होतो. बँक म्हणजे सावकार, असे आम्ही म्हणत नाही. बँकेचा दर सावकाराच्या दराशी ताडून पाहिला तर कितीतरी सौम्य आहे. परंतु धनकोचे हात जितके बळकट, तितके ऋणकोचे डोळे उघडे असले पाहिजेत, हा न्याय तर कोणी नाकारणार नाही?

डोळे मिटल्याचा परिणाम काय होतो, हे २०२२ साली दिसून आले. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर मे २०२२ पर्यंत चार टक्के होता. फेब्रुवारी २०२३ मध्ये तो साडेसहावर गेला. चढउताराच्या दराने कर्ज घेतलेल्यांपैकी पुष्कळांचा हप्ता तेवढाच राहिला, म्हणून त्यांस वाटले की आपले काही बिघडले नाही. बिघडले ते मुदतीत. २०२१ च्या आरंभी पावणेसात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी तीस लाख घेतलेला मनुष्य कल्पावा. त्याचा हप्ता सुमारे २२,८११ रुपये. दोन वर्षांनी दर सव्वानऊ झाला असे धरले, तर शिल्लक मुद्दलावर एका महिन्याचे व्याजच २१,९५० च्या पुढे जाते. मुद्दलाच्या वाट्यास राहतात साडेआठशे रुपये. हप्ता तोच ठेवला, तर अठरा वर्षांची उरलेली मुदत पस्तीस वर्षांवर जाते! २०२५ साली हा दर टप्प्याटप्प्याने सव्वा टक्क्याने उतरला, हे खरे. पण जे चढताना कळले नाही ते उतरताना तरी कोण तपासतो?

आता प्रतिपक्षाचे म्हणणे ऐकू. पहिला आक्षेप असा की, भाडे वाया जाते, हप्त्याने घर आपले होते. पहिल्या पाच वर्षांतील पंधरा लाखांपैकी बारा लाख व्याजात गेले, हे आम्ही वर दाखविले. व्याज म्हणजे पैशाचे भाडेच होय. घराचे भाडे चुकवून पैशाचे भाडे पत्करले, तर दोन्ही आकडे शेजारी मांडून मगच कोणते स्वस्त ते सांगावे.

दुसरा आक्षेप वजनदार आहे. रुपयाचे मोल उतरत जाते. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाहून हलका, आणि पगार व घराची किंमत दोन्ही चढणार. हे आम्हांस मान्य आहे. म्हणूनच ६२ लाख म्हणजे आजचेच ६२ लाख, असे आम्ही म्हणत नाही. परंतु पगार चढण्याचे वचन कोणी दिले आहे? शिरोलीच्या किंवा गोकुळ शिरगावच्या एखाद्या कारखान्यात एक पाळी बंद झाली, तर हप्ता थोडाच बंद होतो? आणि राहत्या घराची किंमत वाढली म्हणून ती खिशात येत नाही. ते विकून रस्त्यावर यावे तेव्हा येते.

तिसरा आक्षेप प्राप्तिकरातील सवलतीचा. नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही, हे एक. आणि मिळत असली तरी रुपयाचे व्याज देऊन तीस पैशांचा कर वाचविण्यास बचत म्हणणे हे भाषेवर अन्याय करणे होय.

शिवाय आपत्तीचे काय? ऑगस्ट २०१९ आणि जुलै २०२१ या दोन्ही महापुरांत पंचगंगा शहरात शिरली. दुधाळी, सुतारवाडा आणि शाहूपुरीची कुंभार गल्ली यांनी ती अनुभवली. घर पाण्यात असते तेव्हा व्याज कोरडेच असते. २०२० च्या साथीत मार्च ते ऑगस्ट हप्ते पुढे ढकलण्याची मुभा मिळाली; पण व्याज धावतच होते. व्याजावरील व्याज घेऊ नये, एवढे तरी ठरावयास मार्च २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा निकाल यावा लागला. ज्यास सवलत म्हणतात ती बहुधा केवळ मुदतवाढ असते, आणि मुदतवाढीची किंमत आपण वर पाहिलीच.

तर मग कर्ज काढूच नये काय? तसे आम्ही म्हणत नाही. घर पाहावे बांधून, हे म्हणणाऱ्या पूर्वजांस त्यातील यातना ठाऊक होत्या, तरी त्यांनी घरे बांधलीच. आमचा आग्रह एवढाच की, आकडा पाहून बांधावे. आणि येथे दोष सर्वस्वी बँकांवर टाकणे अप्रामाणिक ठरेल. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने आज्ञा केली की, दर बदलताना हप्ता वाढवावा की मुदत, हे कर्जदारास निवडू द्यावे, आणि आजवर मुद्दल किती व व्याज किती वसूल झाले याचा तिमाही उतारा त्यास द्यावा. १ ऑक्टोबर २०२४ पासून कर्जाच्या आरंभीच वार्षिक खर्चाचा दर व फेडीचे कोष्टक असलेले पत्रक देणे बंधनकारक झाले, आणि ते कर्जदारास समजेल अशा भाषेत असावे, असाही दंडक आहे. ते पत्रक मराठीत मागून घेणारे आपल्यात किती निघतील? शस्त्र हाती आहे. म्यानातून काढणारा नाही.

ज्यास पटेल त्याने इतके करावे. सहीपूर्वी सर्व हप्त्यांची बेरीज स्वतःच्या हाताने लिहावी. हप्ता झेपेल तितका मोठा आणि मुदत निभेल तितकी लहान ठेवावी. दर चढला की मुदत न वाढविता हप्ता वाढविण्याचे लेखी कळवावे. दिवाळीस हाती जादा रक्कम आली तर ती मुद्दलात भरावी. चढउताराच्या दराच्या गृहकर्जावर व्यक्तीस त्याबद्दल दंड पडत नाही. वर्षाकाठी एकच जादा हप्ता भरला, तरी वरच्या उदाहरणातील वीस वर्षांची फेड तीन वर्षांहून अधिक आधी संपते आणि सहा लाखांच्या आसपास वाचतात. आणि शाहू महाराजांच्या कारकीर्दीपासून सहकार ज्या भूमीत रुजला, त्या कोल्हापूरच्या संस्थांनी तरी आपल्या दारावर हप्त्याच्या फलकाशेजारी एकूण फेडीचा फलक लावावा. सहकार म्हणजे केवळ स्वस्त कर्ज नव्हे; सभासदास शहाणे करणे हा त्याचा मूळ धर्म आहे.

पाचगावच्या त्या घरास आमच्या मनापासून शुभेच्छा आहेत. घर देखणे आहे. ओसरीवर वारा चांगला येतो. दाराच्या चौकटीवर गणपती आहे, भिंतीवर नावाची पाटी आहे. आमची एकच सूचना आहे: देवघराच्या फडताळात, बाहेरच्या कोणास दिसणार नाही अशा जागी, एका कागदावर ६२,४८,००० हा आकडा लिहून ठेवावा, आणि दर दिवाळीस त्यातून फेडलेली रक्कम वजा करावी. पुढल्या खेपेस पंगतीत कोणी किंमत विचारली, तर यजमानांस खरे उत्तर देता येईल, आणि जिलबीचाही खोळंबा होणार नाही.