दारीं आलेला कल्हईवाला

गौरी-गणपती जवळ आले, माळ्यावरचीं पितळी पातेलीं खालीं आलीं, आणि प्रतिवर्षींप्रमाणें आमच्या घरीं कल्हईवाल्याची शोधाशोध सुरू झाली. स्टेनलेस स्टीलनें स्वयंपाकघर व्यापल्यापासून हा मनुष्य पुण्याच्या बोळांतून आरोळी देत जाईनासा झाला आहे. आतां त्यास निरोप धाडावा लागतो.

तो आला तो सायकलला भाता बांधून. वय साठीच्या घरांतलें, बोलणें बेताचें. अंगणाच्या कोपऱ्यांत वीतभर खड्डा खणून त्यानें कोळसे पेटविले, आणि पहिलें पातेलें सांडशीनें धरून निखाऱ्यांवर फिरवूं लागला. कथील २३२ अंश सेल्सिअसला वितळतें. याच्याजवळ उष्णतामापक नाहीं. नवसागराची चिमूट टाकून तो उठणाऱ्या पांढऱ्या धुराकडे क्षणभर पाहतो, मग कथलाची कांब तळाला टेकवितो, आणि कापसाच्या बोळ्यानें ती रुपेरी लकाकी थेट कांठापर्यंत नेतो. पाण्यांत बुडवितांच चर्र! मुलें या आवाजासाठींच तेथें ठाण मांडून बसलीं होतीं.

दर ऐकून मात्र आम्हीं घासाघीस केली. (लग्नकार्यांत हात सैल सोडणारे आम्ही येथें भारी काटकसरी!) पलीकडच्या आळींत याच्या निम्म्यांत करून देतात, असेंहि सुनावलें. तो रागावला नाहीं. कांब आजींच्या कानाशीं नेऊन त्यानें हलकेंच वांकविली. आंतून करकर असा आवाज आला.

"चांगलें कथील असें बोलतें, माई. शिसें मुकें असतें. स्वस्तांत करायचें तर शिसें मिसळावें लागतें. तें लवकर पसरतें, चमकतेंहि तसेंच; पण ह्यांतलेंच तुमचीं पोरें खाणार."

शिशानें लहान मुलांच्या मेंदूला अपाय होतो हें आम्हीं पुस्तकांत वाचलें होतें. आमच्या आमटीच्या पातेल्याशीं त्याचा संबंध मात्र कधीं सुचला नव्हता. आजींनीं दर कबूल केला, तोहि आमच्याकडे न पाहतां.

काम करतांना तो मधून मधून खोकत होता. इतक्या वर्षांचा तो धूर. मुलगा पार्सलें पोंचवितो, भात्याला हात लावीत नाहीं, असें विचारल्यावरून कळलें. याचा त्यास खेद आहे कीं समाधान, हें चेहऱ्यावरून उमगलें नाहीं.

सातवें पातेलें आमच्या पणजीचें. तें त्यानें उन्हाकडे धरून पाहिलें व बाजूला ठेविलें. "याचा तळ झिजला. आंच सोसणार नाहीं. लाह्या भरून ठेवा." पैसे त्यानें सहांचेच घेतले. मग निखाऱ्यांवर पाणी ओतून, खड्डा बुजवून, पायानें माती सारखी करून तो भाता सायकलला बांधूं लागला.