प्रश्न निनावी, उत्तर नावानिशी

परवा इंदिरानगरच्या जॉगिंग ट्रॅकवर आमच्या ग्रुपमध्ये एक रील फिरली. कुणी जिमवाला 'मर्दानगी' वाढवायची पावडर विकत होता. सगळे खो खो हसले. एकाने मात्र हळूच लिंक सेव्ह केली. (मी पाहिलं रे!)

त्याला हसू नका. दहावीत प्रजननाचा धडा आला की 'हा घरी वाचा' हे वाक्य तुम्हीही ऐकलं असेल. मग विचारायचं कुणाला?

मुंबईकरांकडे एक आजोबा होते. डॉ. महिंदर वत्स, स्त्रीरोगतज्ज्ञ. २००५ मध्ये, ऐंशी ओलांडल्यावर, ते 'मुंबई मिरर'मध्ये लैंगिक प्रश्नांना उत्तरं देऊ लागले. लोक निनावी विचारायचे, ते स्वतःच्या नावाने उत्तर द्यायचे. दोन-चार ओळी, जरा खट्याळ, पण उपदेश नाही. २०२० च्या डिसेंबरमध्ये ९६व्या वर्षी ते गेले. अमेरिकेत रेडिओ-टीव्हीवर हेच काम करणाऱ्या डॉ. रूथ वेस्टहायमरही ९६ वर्षं जगल्या. मोकळं बोलणं तब्येतीला मानवत असावं!

पण याची सुरुवात वत्सांनी केली नव्हती. र. धों. कर्वे १९२७ पासून 'समाजस्वास्थ्य' मासिक काढत होते. वाचकांच्या अशाच प्रश्नांना उत्तरं छापली म्हणून १९३४ मध्ये त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला चालला. वकील कोण, माहितीये? डॉ. बाबासाहेब आंबेडकर. लोक विचारतात तर जाणकाराने सांगायलाच हवं, ज्ञानानेच विकृती जाईल, अशी त्यांची बाजू होती. तरीही खटला हरले, कर्व्यांना दंड झाला.

वत्सांचं सदर मात्र लोकांनी सकाळच्या चहासोबत वाचलं. आणि ते सुरू होऊन दोनच वर्षं झाली असतील, २००७ मध्ये आपल्याच राज्यात शाळांमधल्या लैंगिक शिक्षणावर बंदी आली. म्हणजे पेपरात चवीने वाचायला चालतं, वर्गात शिकायला नाही. मला खरी गोची इथेच वाटते. सदरातून उत्तर मिळायला आधी प्रश्न सुचावा लागतो, तो लिहायचं धाडस लागतं, आणि तो पेपर इंग्रजी. मराठी मीडियमच्या पोराने काय करायचं? वर्गात शिकवलं तर न विचारणाऱ्यालाही कळतं. सर्वोच्च न्यायालयानेही २०२४ मध्ये एका निकालात सर्वंकष लैंगिक शिक्षणावर भर दिलाय. तोवर मैदान रीलवाल्यांचं. तिथे उत्तर देणाऱ्याची डिग्री कुणी विचारत नाही, आणि उत्तराखाली 'बाय नाऊ'चं बटण असतं.

आमच्या मित्राने पावडर अजून मागवलेली नाही. काल विचारलं तर म्हणाला, "थांब ना, रिव्ह्यू वाचतोय."