बॅंडिकूट म्हणजे आपली घूस!

मंडळी, प्लेस्टेशनवर 'क्रॅश बॅंडिकूट' कोण कोण खेळलंय? १९९६ साली आलेला तो नारिंगी, खुळा प्राणी ऑस्ट्रेलियन. त्यामुळे शब्दही तिकडचाच असणार असं बऱ्याच जणांना वाटतं. पण शब्द आहे चक्क तेलुगू! 'पंदिकोक्कु'. पंदि म्हणजे डुक्कर, कोक्कु म्हणजे उंदीर. डुकरासारखा गुरगुरणारा उंदीर, म्हणजेच आपली घूस. तीच ती, सोसायटीच्या कंपाउंडला बोगदे पाडणारी, शेतातलं धान्य बिळात नेऊन साठवणारी. शास्त्रीय नावातही ती 'बॅंडिकोटा'च आहे.

मग ऑस्ट्रेलियाचं काय? १७८८ पासून इंग्रज तिकडे वस्ती करू लागले. तिथे लांब नाकाचा, माती उकरणारा एक प्राणी दिसला आणि त्यांनी हिंदुस्थानातलं ओळखीचं नाव त्याला चिकटवून टाकलं. आमच्या भाषेत सांगायचं तर सरळ कॉपी-पेस्ट. वास्तविक तो कांगारूच्या गोतावळ्यातला, पोटाला पिशवी असणारा. पिशवीचं तोंडही मागच्या बाजूला, म्हणजे उकरताना माती आत जायला नको (याला म्हणतात डिझाइन!). घुशीशी त्याचं काडीचंही नातं नाही. पण आज बॅंडिकूट म्हटलं की तो गोंडस प्राणीच आठवतो, आणि मूळ मालकीण गटारात ती गटारातच.

माझ्या मते या शब्दाला खरा न्याय मिळाला तो २०१८ मध्ये, केरळात. तिरुवनंतपुरमच्या जेनरोबोटिक्स या कंपनीतल्या तरुण इंजिनियर्सनी मॅनहोल साफ करणारा रोबो बनवला आणि त्याचं नाव ठेवलं 'बॅंडिकूट'. पाय फाकवून मॅनहोलवर उभा राहतो, हात आत सोडतो, गाळ उपसून वर आणतो. माणसाला आत उतरावं लागत नाही. संरक्षक साधनांशिवाय कुणालाही गटारात उतरवायला २०१३ च्या कायद्याने बंदी आहे, तरी माणसं आत गुदमरून मरतायत, दरवर्षी. आपण इकडे एका बटणाचा रंग कुठला यावर तासभर मीटिंगा करतो, म्हणून हे नाव मला जास्तच आवडतं. वाघ, गरुड, चित्ता असली भारदस्त नावं सोडून त्यांनी घूस निवडली, कारण ते काम घुशीचंच आहे, माणसाचं नाही.

मराठीत त्या यंत्राला सरळ 'घूस' म्हणावं असं मला मनापासून वाटतं. फक्त हिंदीत घूस म्हणजे लाच... तेव्हा महापालिकेच्या टेंडरवर "एक घूस पाहिजे" असं छापून आलं तर जरा पंचाईत होईल :)