मतदारयादीचा वाद आणि न्यायालयाची पायरी

सहकारी संस्थेची निवडणूक जाहीर झाली की मतपेटीच्या आधी वकीलपत्रे बाहेर पडावयाची, ही आपल्याकडील रीतच होऊन बसली आहे. अमक्याचे नाव यादीतून गळले, तमका मृत होऊन कित्येक वर्षे लोटली तरी सभासद म्हणून नांदतोच आहे, अशी गाऱ्हाणी घेऊन मंडळी उच्च न्यायालय गाठतात. आणि त्यांस पाहून आमचे काही सुशिक्षित मित्र नाक मुरडतात. हरणाऱ्यांचा हा आगाऊ आक्रोश होय, न्यायालयाने तो दाराबाहेरच ठेवावा, असे त्यांचे म्हणणे. हे म्हणणे आम्हांस अर्धेच पटते.

पटते ते आधी सांगतो. इ. स. २००१ मध्ये संत सद्‌गुरु जनार्दन स्वामी सहकारी दुग्ध उत्पादक संस्थेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने असा निर्णय दिला, की मतदारयादी तयार करणे हा निवडणुकीचाच एक मधला टप्पा आहे. ती एकदा सुरू झाल्यावर यादीतील दोषासाठी उच्च न्यायालयाने ती थोपवू नये. ज्यास दाद मागावयाची त्याने निकालानंतर निवडणूक-अर्ज करावा. यात शहाणपण आहे. एरव्ही खुर्ची सोडवत नाही अशा प्रत्येक संचालक मंडळाने एखाद्या चेल्याकरवी अर्ज गुदरून स्थगितीच्या छायेत सुखाने कालक्षेप केला असता.

परंतु पुढे काय? सदोष यादीवर मतदान होते, त्या मतांवर निवडून आलेले मंडळ कारभार हाती घेते. निकालापासून दोन महिन्यांत सहकार न्यायालयात दावा लावण्याची मुभा आहे खरी. पण त्या दाव्याचा निकाल केव्हा लागावयाचा? मंडळाची मुदत मात्र पाचच वर्षांची! औषध देऊ, पण आधी दुखणे सरू द्या, असे रोग्यास सांगण्यापैकीच हे नव्हे काय?

आणि यादी होते कशावरून? सभासदांच्या नोंदवहीवरून. ती राखते संस्था; म्हणजे जे मंडळ उद्या मते मागणार, तेच. २०१३ च्या दुरुस्तीने राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरण आले, प्रारूप यादी लागते, हरकतीही ऐकल्या जातात. पण अधिकारी नवा असला तरी वही जुनीच.

मुळशीचेच पाहा. कासारसाई-दारुंब्रे येथील संत तुकाराम कारखान्याच्या कार्यक्षेत्रात मावळ, हवेली, खेड, शिरूर यांच्या जोडीस हा तालुका येतो. हिंजवडी-माणच्या शिवारात आज संगणकाच्या कंपन्या उभ्या आहेत. ज्याची जमीन गेली आणि भाग तेवढा उरला, तो ऊस-उत्पादक राहिला काय? बाप वारला, मुलगे तिघे; मत कोणाचे? दोष आम्ही कोणा एका कारखान्यास देत नाही. पण हे प्रश्न हरकतींच्या चार दिवसांत उरकण्याजोगे खचित नाहीत.

वहीतील नावाची किंमत मुळशीकरांस नव्याने शिकवावयास नको. १९२१ साली टाटांच्या धरणाविरुद्ध तेथे सत्याग्रह उभा राहिला, सेनापती बापटांचे नाव त्याशी कायमचे जोडले गेले. त्या लढ्यात कसणारा मावळा एका बाजूस आणि दप्तरी ज्याच्या नावे जमीन तो सावकार दुसऱ्या बाजूस, अशी फूट पडलीच. कारण मोबदला नावास मिळतो, घामास मिळत नाही.

सहकार स्वायत्त आहे, यादी ही संस्थेची घरगुती बाब आहे, असाही एक युक्तिवाद आमच्या कानी येतो. मग कायद्याने एका सभासदास एकच मत का दिले? एक भाग घेणारा आणि शंभर भाग घेणारा यांस समान करणारी ती एकच वस्तू आहे. तीच हिरावली, तर विठ्ठलराव विखे आणि धनंजयराव गाडगीळ यांनी प्रवरेकाठी जे उभारले ते आणि एखाद्या शेठजीची पेढी यांत फरक तो काय उरला?

आमची मागणी साधी आहे. सभासदांची वही दर वर्षी वार्षिक सभेपूर्वी गावोगावच्या चावडीवर लागावी. मृतांच्या वारसांस लेखी कळवावे. हरकतींचा निवाडा त्रयस्थाने सकारण द्यावा, आणि त्यावरील अपील निवडणुकीचे वर्ष उजाडण्यापूर्वी संपावे. इतके झाल्यावर ऐन वेळी जो अर्ज घेऊन येईल, त्यास न्यायालयाने खुशाल परत पाठवावे. आम्ही त्याची कड घेणार नाही. तोवर मात्र पौडहून निघून मुंबईस हायकोर्टाची पायरी चढणाऱ्या सभासदास भांडखोर म्हणण्याचा अधिकार आमच्या मित्रांस पोहोचत नाही.