आमची चित्रफीत कोणाच्या कपाटात?

दरवर्षी 14 एप्रिल आणि 6 डिसेंबरला दूरचित्रवाणीवर बाबासाहेबांची तीच मोजकी चालती-बोलती दृश्ये दिसतात. ही दृश्ये येतात कुठून? जुन्या फिती शोधायच्या, त्यांचे हक्क तपासायचे आणि त्या वाहिन्यांना, माहितीपटवाल्यांना पुरवायच्या, हा रीतसर पेशा आहे. त्यात दर मिनिटावर, सेकंदावरही ठरतो. ज्याच्या कपाटात फीत, त्याच्या हातात इतिहास!

7 डिसेंबर 1956 ची अंत्ययात्रा आज आपल्याला पडद्यावर दिसते, त्यामागे नामदेवराव व्हटकर आहेत. त्यांनी आपला छापखाना गहाण टाकून चित्रीकरणासाठी पैसा उभा केला. बाबासाहेबांची 1955 ची मुलाखत मात्र बीबीसीने जपली. तिकडे संस्था होती. इकडे एका कार्यकर्त्याने संसार पणाला लावला. पुढच्या पिढीने काय जपले?

भोर-वेल्ह्याच्या वाड्यावस्त्यांत फिरताना विहारांच्या लोखंडी कपाटांत आम्हाला व्हिडिओ कॅसेट दिसतात. त्यांत जयंतीच्या मिरवणुका आहेत, धम्म परिषदा आहेत, नामांतराच्या सभा आहेत. सह्याद्रीच्या पावसाने त्यांवर बुरशी चढली आहे. व्हीसीआर बनविणारी शेवटची जपानी कंपनी 2016 साली थांबली. उद्या कॅसेट असेल, पण लावायला यंत्र नसेल. पुण्यात 1964 पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. पण आमच्या वस्तीची मिरवणूक तिथे आपोआप कशी जाणार?

वकील म्हणून सांगतो, कायदा येथे आमच्या बाजूने आहे. 1957 च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम 17 नुसार, पैसे देऊन चित्रीकरण करून घेतले आणि वेगळा करार नसेल, तर पहिली मालकी पैसे देणाऱ्याची. म्हणजे वर्गणी काढून व्हिडिओवाला बोलावणारी जयंती समिती मालक ठरू शकते! कलम 19 नुसार हक्कांचे हस्तांतर लेखी आणि सहीनिशीच हवे. त्यात मुदत लिहिली नसेल तर ते 5 वर्षांचे आणि प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरतेच मानले जाते. तरीही आमचे लोक कॅसेट कोणालाही सहज देऊन टाकतात आणि नंतर आपलीच मिरवणूक दुसऱ्याच्या नावाने पाहतात.

म्हणून आमचे म्हणणे साधे आहे. प्रत्येक विहाराने कॅसेट संगणकावर उतरवून घ्याव्यात, दोन प्रती दोन ठिकाणी ठेवाव्यात. गाव, तारीख, बोलणारा कोण, चित्रीकरण कोणाचे, याची वही करावी. जुनी माणसे आहेत तोवर चेहऱ्यांची नावे लिहून घ्यावीत. आणि तालुक्यातल्या एक-दोन शिकलेल्या मुला-मुलींनी हाच पेशा धरावा. त्यात पोट आहे आणि चळवळीचे कामही आहे.

व्हटकरांनी छापखाना गहाण टाकला. आपल्याला फक्त कपाट उघडायचे आहे. तेवढेही जमणार नाही काय?

जयभीम!