एकटेपणावर गाव हे औषध नाही

शहरी एकटेपणावरची प्रायोगिक शॉर्ट फिल्म मला आता न बघताही सांगता येते. दहाव्या मजल्यावरची खिडकी, बाहेर पाऊस, फ्रेमच्या कोपऱ्यात एक मुलगा, संवाद शून्य. शेवटाकडे फ्लॅशबॅक: गाव, अंगण, चूल, आजी. शहर तोडतं, गाव जोडतं. झाला प्रयोग!

माझा आक्षेप त्या फ्लॅशबॅकला आहे. मी वर्धा जिल्ह्यातला. ज्या अंगणाच्या आठवणीने तुमचा नायक रडतो, त्या अंगणात कुणी कुठवर यायचं हे आजही कित्येक ठिकाणी आडनावावरून ठरतं. गांधीजी १९३६ मध्ये आमच्या सेवाग्रामला राहायला आले आणि खेड्याचं स्वप्न इथून देशभर गेलं. ४ नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी खेड्याच्या याच कौतुकाचा कडक समाचार घेतला. इतका मोठा वाद आपल्या शॉर्ट फिल्मवाल्यांच्या कानावरच गेलेला दिसत नाही.

गर्दीत आपल्याला कुणी ओळखत नाही, ही काहींना शिक्षा वाटते. रात्रभर प्रवास करून सेवाग्राम एक्सप्रेसमधून मुंबईत उतरणाऱ्या कितीतरी जणांना तीच पहिली मोकळीक वाटते. मग खोली शोधताना घरमालक पूर्ण नाव विचारतो. परकेपणा तिथे सुरू होतो, आणि तो खिडकीवरच्या थेंबांच्या क्लोजअपमध्ये मावत नाही.

पायल कपाडियाची 'आफ्टरनून क्लाउड्स' (२०१७) बघा. जेमतेम तेरा मिनिटं, एक घर, एक दुपार. साठीची विधवा काकी आणि तिच्याकडे कामाला असलेली तरुण नेपाळी मालती. दोघी एकट्याच, पण एकीचं ते घर आहे आणि दुसरीची नोकरी. एकाच छताखालचे हे दोन एकटेपण सारखे नाहीत. म्हणून ते खरे वाटतात.

प्रायोगिक फिल्मला गोष्ट लागत नाही, असं कुणी म्हणेल. मान्य. गोष्ट नका सांगू. पण त्या खिडकीतल्या मुलाचं खोलीभाडं किती, काम काय, आडनाव काय, आणि खाली त्याच्यासाठी दार उघडणारा वॉचमन कुठून आलाय, हे तुम्हाला तरी माहीत असू द्या. वर्ध्यात, हिंगणघाटात फोनवर फिल्म करणाऱ्या माझ्या दोस्तांनो, तुम्ही तर मुंबईची उसनी उदासी घेऊच नका. आपल्या गावात माणसांच्या गराड्यातही एकटं पाडलेलं कुणीतरी असतं. कॅमेरा त्याच्याकडे वळवा. मग हवं तितकं मौन ठेवा.