अंगठ्याचे मत

गेल्या सत्रात राज्यशास्त्राच्या तासाला 'लोकशाहीपुढील अडचणी' या विषयावर चर्चा झाली. पैसा, जात, घराणेशाही अशी यादी फळ्यावर वाढत होती. तेवढ्यात मागच्या बाकावरचा एक मित्र उठला आणि म्हणाला, "सर, खरी अडचण एकच आहे. ज्याला स्वतःचे नाव लिहिता येत नाही, त्याच्या हाती आपण देश दिला आहे. पाचशेची नोट आणि मटणाचे जेवण दिले की मत फिरते. निदान दहावी पास झाल्याशिवाय मताचा अधिकार देऊ नये." वर्गातल्या बऱ्याच माना डोलल्या. "यावर कुणाला काही बोलायचे आहे का?" असे सरांनी विचारले. मला बोलायचे होते. पण मी वहीत डोके घालून बसून राहिले आणि तास संपला.

मी का बोलले नाही ते सांगते. माझी आजी अंगठा लावते. रेशनच्या दुकानात अंगठा, बँकेत अंगठा, मतदान केंद्रावरच्या वहीतही अंगठाच. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. भर वर्गात उभे राहून 'माझी आजी अडाणी आहे, आणि तिचे मत काढून घेऊ नका' असे म्हणायची मला लाज वाटली. ही लाज कुठून आली याचा विचार करता करता मी वाचनालयातली पुस्तके चाळू लागले, आणि मग लक्षात आले की मित्राने सुचवलेली अट काही नवी नाही. ती आपल्याच जिल्ह्यात एकदा लागू होऊन गेली आहे.

आपला रायगड जिल्हा तेव्हा कुलाबा होता. १९३५ च्या कायद्याप्रमाणे १९३७ साली इंग्रजांच्या राज्यात प्रांतिक विधानसभांच्या निवडणुका झाल्या. मुंबई इलाख्याच्या विधानसभेत १७५ जागा होत्या. पण मत कोणाला? ठराविक रकमेचा शेतसारा भरणाऱ्याला, ठराविक भाड्याच्या घरात राहणाऱ्याला, आयकर भरणाऱ्याला, शिकलेल्याला. बायकांना बहुधा नवऱ्याच्या मालमत्तेच्या आधाराने मत मिळे. साऱ्या ब्रिटिश हिंदुस्थानात मिळून मतदार होते सुमारे तीन कोटी, म्हणजे शंभर माणसांमागे चौदा-पंधरा. जागांची वाटणीही पाहण्यासारखी आहे. व्यापार-उद्योगांच्या संस्थांसाठी सात जागा, जमीनदारांसाठी दोन, मुंबई विद्यापीठासाठी एक आणि मागास जमातींसाठी एक! सह्याद्रीपासून सातपुड्यापर्यंतच्या डोंगरांत राहणाऱ्या सगळ्या आदिवासींच्या वाट्याला आली ती ही एकच राखीव जागा.

माझे पणजोबा त्या वेळी ऐन तारुण्यात होते. दुसऱ्याच्या शेतात भात लावायचे, उन्हाळ्यात लाकडाच्या मोळ्या विकायच्या, असा त्यांचा संसार. सारा भरायला जमीन नाही, वाचायला अक्षर नाही. मतदारयादीत त्यांचे नाव असणार कसे? म्हणजे माझ्या मित्राला जी व्यवस्था हवी आहे, तिच्यात माझे पणजोबा जगले. त्या व्यवस्थेने त्यांचे काय भले केले?

त्याच काळातली एक गोष्ट पाहू. कुलाबा आणि रत्नागिरी जिल्ह्यांत तेव्हा खोती होती. शेत कसायचे कुळाने आणि धान्य न्यायचे खोताने. अलिबाग तालुक्यातल्या चरी गावच्या शेतकऱ्यांनी १९३३ साली संप केला. आम्ही शेतच कसणार नाही, असे ते म्हणाले. नारायण नागू पाटील त्यांचे पुढारी होते. लोक जंगलातली लाकडे विकून जगले, पण संप १९३९ पर्यंत मोडला नाही. १९३७ च्या निवडणुकीत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा स्वतंत्र मजूर पक्ष विधानसभेत गेला आणि १७ सप्टेंबर १९३७ रोजी बाबासाहेबांनी खोती रद्द करण्याचे विधेयक मांडले. १० जानेवारी १९३८ रोजी कोकणातले हजारो शेतकरी मुंबईत कौन्सिल हॉलवर मोर्चाने गेले. तरी विधेयक मंजूर झाले नाही. खोती नाहीशी करणारा कायदा झाला १९४९ साली, स्वातंत्र्यानंतर. या एका उदाहरणावरून सगळे सिद्ध होते असे मी म्हणत नाही. पण सारा भरणाऱ्यांनी आणि शिकलेल्यांनी निवडलेल्या सभागृहाला कुळाच्या पोटाची घाई नव्हती, एवढे तरी त्यावरून दिसते. ज्याला मत नाही त्याला मुंबईपर्यंत चालत यावे लागते आणि तरीही हात हलवीत परत जावे लागते.

बाबासाहेबांनी तर १९२८ सालीच सायमन कमिशनपुढे प्रत्येक प्रौढ स्त्रीपुरुषाला मत द्या अशी मागणी केली होती. त्या काळी देशातले शेकडा नव्वद लोक निरक्षर होते हे त्यांना ठाऊक नव्हते असे कोण म्हणेल? स्वतः इतके शिकलेला माणूस न शिकलेल्यांसाठी मत मागत होता. आम्ही मात्र बी. ए. च्या दुसऱ्या वर्षाला पोचलो नाही तोच न शिकलेल्यांचे मत काढून घ्यायला निघालो!

पुढे राज्यघटनेने हा प्रश्न सोडवला. पहिली सार्वत्रिक निवडणूक ऑक्टोबर १९५१ ते फेब्रुवारी १९५२ या काळात झाली. मतदार होते सतरा कोटींहून जास्त. १९५१ च्या जनगणनेप्रमाणे देशात साक्षर होते शेकडा अठरा. हा खेळ आहे, हा जुगार आहे असे म्हणणारे विद्वान तेव्हाही होतेच. निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांनी काय केले? मतदाराला वाचता येत नसेल तर तो दोष मतदाराचा न मानता ती आपली जबाबदारी मानली. प्रत्येक उमेदवाराची वेगळी पेटी आणि पेटीवर त्याचे चिन्ह. मतदाराने कागद हव्या त्या पेटीत टाकायचा. यातल्या लाखो पेट्या आपल्या मुंबईत, विक्रोळीला गोदरेजच्या कारखान्यात तयार झाल्या. सुमारे अठ्ठावीस लाख बायकांची नावे मात्र यादीतून गळली. कारण उत्तरेकडच्या राज्यांत त्यांनी आपले नाव न सांगता 'अमक्याची बायको', 'तमक्याची आई' असे सांगितले होते, आणि स्वतःच्या नावाशिवाय नोंद करणार नाही यावर सेन ठाम राहिले. त्या बायकांचे मत त्या वेळी बुडाले याचे वाईट वाटते. पण मत नवऱ्याचे नाही, तुझे आहे आणि ते तुझ्या नावाने आहे, हेही सरकारने बाईला तेव्हाच सांगितले.

यानंतरची हकीकत मला फार महत्त्वाची वाटते. सुदान देशावर तेव्हा इंग्रज आणि इजिप्त यांचा संयुक्त अंमल होता. प्रत्यक्ष कारभार इंग्रजांचा. १९५३ साली तिथे पहिली संसदेची निवडणूक घ्यायची ठरली, तेव्हा निवडणूक आयोगाचे अध्यक्षपद देण्यात आले सुकुमार सेन यांना. ज्या देशाला निवडणूक झेपणार नाही असे म्हणत होते, त्या देशाचा माणूस एका वर्षात आफ्रिकेत निवडणूक घ्यायला गेला! तिथली निवडणूक पार पडली आणि १ जानेवारी १९५६ रोजी सुदान स्वतंत्र झाला. अर्थात तिथेही सर्वांना मत नव्हते. सर्वसाधारण मतदान पुरुषांपुरते होते, आणि पाच जागा पदवीधरांसाठी वेगळ्या काढल्या होत्या. या पदवीधरांच्या जागा वाचकांनी लक्षात ठेवाव्यात, त्यांच्याकडे मी परत येणार आहे.

याच्या उलट गोष्ट केनियाची. तीही इंग्रजांची वसाहत. भारतात काय घडले ते तिथल्या सरकारला कळले नव्हते असे मुळीच नाही. आपल्या औंध संस्थानचे आप्पासाहेब पंत १९४८ पासून १९५४ पर्यंत भारताचे आयुक्त म्हणून नैरोबीतच होते. तरीही मार्च १९५७ मध्ये केनियातल्या आफ्रिकन लोकांना पहिल्यांदा आपले प्रतिनिधी निवडायला मिळाले, तेव्हा सरकारने एक अजब पद्धत काढली. शिक्षण, उत्पन्न, मालमत्ता, नोकरी अशा कसोट्या लावल्या. कसोटीला उतरेल त्यालाच मत. आणि जो अधिक कसोट्यांना उतरेल त्याला अधिक मते! कुणाला एक, कुणाला दोन, कुणाला तीन. माऊ माऊ उठावाच्या भागातल्या किकुयू लोकांना तर मतासाठी राजनिष्ठेचा दाखलाही आणावा लागे. एवढे करून आफ्रिकन लोकांनी निवडायचे प्रतिनिधी आठ, आणि मूठभर गोऱ्यांनी निवडलेले चौदा. त्या आठांत टॉम म्बोया, ओगिंगा ओडिंगा आणि पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले डॅनियल अराप मोई होते. निवडून येताच त्यांनी मंत्रिपदे नाकारली आणि आधी आमच्या जागा वाढवा असे म्हटले.

माझ्या मित्राने वर्गात जो विचार मांडला तो नैरोबीच्या गोऱ्या सरकारने कायद्याच्या भाषेत मांडला होता, एवढाच फरक. 'हे लोक अजून तयार झालेले नाहीत' हे वाक्य राज्यकर्ते नेहमी दुसऱ्यांबद्दल बोलतात. आपल्या बापजाद्यांबद्दलही ते बोलले गेले आहे. मग ते आपल्या तोंडी शोभते का?

आता मत विकण्याचा मुद्दा. मते विकली जातात हे मी नाकारत नाही. खोपोलीत वाढलेल्या मुलीने ते नाकारावे कसे? पण विकणारा दिसतो तसा विकत घेणाराही पाहावा. नोटांची पाकिटे कोण भरतो? कोणत्या वाडीवर किती घरे याचा हिशेब कोण मांडतो? तो अंगठेबहाद्दर नसतो, चांगला शिकलेला असतो. आणि सोसायटीला रंग लावून द्या, गच्चीवर पत्रे टाकून द्या, मग आमची सगळी मते तुमची, असे सांगणारे सुशिक्षित मी पाहिले आहेत. त्याला मात्र आपण 'विकास' म्हणतो.

माझी आजी मत कसे देते हे मी तिला विचारले. तिने पहिले मत दिले तेव्हा वयाची अट एकवीस वर्षांची होती. ती अठरावर आली १९८९ साली. तिला गाय-वासरू आठवते, शेकापचा खटारा आठवतो. कोणत्या साली कोणाला मत दिले ते ती सांगत नाही, 'ते सांगाचा नसते' म्हणते. पण वाडीवर नळ कोणाच्या काळात आला, आणि कोण नुसता नारळ फोडून गेला, हे तिला तोंडपाठ आहे. ती म्हणाली, "मना लिवता येत नाय, पन मानूस वलखता येते." मी निबंधाच्या स्पर्धेत बक्षीस मिळवले आहे, पण आमच्या प्रभागात कोणाकोणाची कामे अडली आहेत हे मला धड सांगता येणार नाही.

पण आजीची बाजू घेताना मी खोटे बोलणार नाही. वाचता न येण्याने तिचे नुकसान होते. उमेदवाराला आपली मालमत्ता आणि आपल्यावरचे खटले प्रतिज्ञापत्रात लिहून द्यावे लागतात. ते कागद आजीसाठी नसल्यासारखेच आहेत. मी वाचून दाखवले तरच तिला कळतात. यावर उपाय तिचे मत काढून घेणे हा नव्हे. तिला शाळेत जाता आले नाही ही एक चूक झाली. त्या चुकीची शिक्षा म्हणून मतही घ्यायचे, हा कुठला न्याय? शाळा नव्हती तो दोष तिचा नाही.

आता त्या पदवीधरांच्या जागांकडे येते. आपल्या विधान परिषदेत ७८ सदस्य असतात. त्यांतले सात पदवीधर निवडतात आणि सात शिक्षक. आपला कोकण पदवीधर मतदारसंघ त्यांतलाच एक. मी बी. ए. झाले आणि तीन वर्षे लोटली की मला तिथे नाव नोंदवता येईल. म्हणजे विधानसभेला माझे आणि आजीचे मत सारखे. पण विधान परिषदेसाठी मला आणखी एक मत, तिला नाही. १९३७ च्या विद्यापीठाच्या जागेचे आणि केनियातल्या त्या जादा मतांचे हे नातेवाईकच नाहीत का? जाणकारांचा उपयोग सभागृहाला व्हावा हा घटनाकारांचा हेतू मी समजू शकते. त्या काळी पदवीधर हाताच्या बोटांवर मोजण्याइतके होते. आज तसे नाही. प्राध्यापक मंडळींना माझे म्हणणे कदाचित रुचणार नाही, कारण शिक्षकांच्या जागांनाही तोच न्याय लागतो. त्यांची क्षमा मागून मी लिहिते की या जागा आता नसाव्यात, आणि त्या असेपर्यंत मी तिथे नाव नोंदवणार नाही.

हे मी आजीला समजावून सांगितले. तिला आधी खरेच वाटेना. मग ती हसून म्हणाली, "तुला दोन न मना एक? भाकरी त दोघींना सारकीच वाढतंव!"

आमच्या मित्राचा मला राग नाही. तो मनाने चांगला आहे, आणि त्याचीही आजी गावी आहे हे मला माहीत आहे. त्याने या सुट्टीत तिला एकदा विचारावे की तिने पहिले मत कधी दिले आणि काय पाहून दिले. पुढच्या सत्रात सरांनी पुन्हा ती चर्चा घेतली, तर मी वहीत डोके घालून बसणार नाही. माझी आजी अंगठा लावते, हेच आधी सांगेन आणि मग पुढचे बोलेन.